आगलावे, मुक्काम पोस्ट भांडगाव

सोसायटीच्या मीटरपेटीतून धूर निघाला तेव्हा मी तिसऱ्या मजल्यावर दाढी करत होतो. वायरिंग जुनं, त्यात पावसाचं पाणी मुरलेलं. वायरमननेही आल्या आल्या तेच सांगितलं. तरी खाली जमलेल्या मंडळींनी वर माझ्या खिडकीकडे ज्या नजरेने पाहिलं, ती नजर मी बालवाडीपासून ओळखतो. माझं आडनाव आगलावे आहे.

वर्गात दोन पोरांची जुंपली की मास्तर कारण न विचारता आधी मला उभं करत. कॉलेजच्या सहलीत शेकोटीचा मान न मागता माझ्याकडे येई, आणि ओली लाकडं पेटली नाहीत तर घराण्याच्या नावाला बट्टा लावल्याचं ऐकून घ्यावं लागे. नोकरी लागली पाटबंधारे खात्यात. रुजू व्हायला गेलो तर हेडक्लार्कनी ऑर्डर दोनदा वाचली आणि म्हणाले, "बरं झालं, वनखात्यात नाही गेलात." पुढे घर घेतलं, आगीचा विमा काढायला बसलो. एजंटने फॉर्मवर आडनाव लिहिलं, लिहिलेलं पुन्हा वाचलं, पेनाला टोपण लावलं आणि अदबीने विचारलं, "साहेब, पॉलिसी वहिनींच्या नावाने केली तर?"

वहिनींच्या नावाने काही साधलं नसतं, आणि त्याला जबाबदार मीच. आमच्याकडे लग्नात नव्या सुनेचं नाव बदलायची पद्धत. ताटात तांदूळ पसरायचे, नवऱ्याने अंगठीने त्यात नाव लिहायचं आणि कुणीतरी वडीलधाऱ्याने ते मोठ्याने वाचायचं. हिचं माहेरचं नाव पुष्पा साखरे. चांगलं फुलासारखं नाव आणि साखरेसारखं आडनाव. पण मी तेव्हा कविता करत असे. 'ज्योती' हे नाव कित्येक महिने मनात धरून बसलो होतो. तांदळात वळणदार अक्षरात लिहिलं. मामांनी खणखणीत आवाजात वाचलं, "सौ. ज्योती आगलावे!" मांडव शांत झाला. मग हिच्या धाकट्या भावाने विचारलं, "ताई, बंब बोलावू?" तेव्हापासून ही पूर्ण नाव सांगताना मधलं माझं नाव जरा लांबवून उच्चारते. ज्योत आणि आग यांच्यात थोडं अंतर राहिलेलं बरं, असं तिचं म्हणणं.

मुलाच्या वेळी मी सावध होतो. बाराव्या दिवसाच्या आधीच गुरुजींकडे नावरस अक्षर काढायला गेलो. सत्तावीस नक्षत्रं, प्रत्येकाचे चार चरण, म्हणजे एकूण १०८ अक्षरं. त्यातलं एक आपल्या वाट्याला येतं. ज्यांनी ही वाटणी केली त्यांनी वर्णमाला पुरवून वापरली आहे. हस्त नक्षत्राला ण दिलाय, उत्तराभाद्रपदाला ञ. आमचे चिरंजीव आर्द्रेच्या तिसऱ्या चरणावर आले, त्याचं अक्षर ङ. मी वर्णमालेतला ङ आठवून पाहिला. शाळा सुटल्यापासून आमची गाठ पडली नव्हती. ङवरून सुरू होणारं एखादं तरी नाव सुचवा, असं म्हटल्यावर गुरुजींनी पंचांग मिटलं आणि म्हणाले, "सोयीचं ठेवा." मी सोयीचं शोधत असतानाच आमच्या वडिलांनी बारशाला परस्पर जाहीर करून टाकलं: दीपक.

असो. निवृत्त झाल्यावर माणसं भजनी मंडळात जातात, गुडघ्यांची ऑपरेशनं करून घेतात. मी आडनावांत शिरलो. अप्पा बळवंत चौकात जुन्या पुस्तकांच्या ढिगात कृ. पां. कुलकर्णी यांचा १९४६ सालचा मराठी व्युत्पत्ति कोश मिळाला, तो छातीशी धरून घरी आणला. (अप्पा बळवंत म्हणजे पेशवाईतले सरदार मेहेंदळे. चौकाने त्यांचं आडनाव गाळून टाकलं आणि आजवर कुणाचं काही अडलेलं नाही.)

कोश घेण्यामागे हेतू एकच होता. आगलावे या आडनावाचा काहीतरी भारदस्त उगम शोधायचा. आजूबाजूला सगळ्यांचे उगम भारदस्तच. आमच्या खालचे मोरे स्वतःला मौर्यांपर्यंत नेऊन पोचवतात. समोरचे साळुंखे म्हणजे चालुक्य, वरचे कदम म्हणजे कदंब, कोपऱ्यातले शेलार म्हणजे शिलाहार. पाण्याच्या टाकीवरून सोसायटीची मीटिंग भरली की दख्खनचा अर्धा इतिहास प्लॅस्टिकच्या खुर्च्यांवर बसलेला असतो. घोरपड्यांच्या पूर्वजाने घोरपडीला दोर बांधून किल्ला सर केला म्हणतात. गायकवाडांच्या पूर्वजाने गाईला कवाडाआड घेऊन तिचा जीव वाचवला म्हणतात. प्राणी कोणताही चालतो, पूर्वज मात्र शूर लागतो. इतक्या लोकांना राजघराणी मिळत असताना मला निदान एक तोफ मिळायला काय हरकत होती?

तोफ हीच माझी उपपत्ती होती. आग लावणारा म्हणजे बत्ती देणारा. बत्ती देणारा म्हणजे गोलंदाज. म्हणजे आमचे पूर्वज पेशव्यांच्या तोफखान्यात सरदार पानशांच्या हाताखाली असणार. पुरावा नव्हता, पण व्युत्पत्तीत पुरावा मागाहून येतो अशी माझी समजूत होती. कोशात आग सापडली, लावणं सापडलं. दोघांचं लग्न लावून त्यांना तोफखान्यात नोकरीला लावणं तेवढं मला करायचं होतं.

ते होईपर्यंत हाताला चाळा म्हणून दुसऱ्यांची आडनावं सोडवायला घेतली, आणि तिथून घात झाला.

सुरुवात 'नीस' मंडळींपासून केली, कारण ती सोपी. फारसीत नवीस म्हणजे लिहिणारा. मराठीत येऊन तो झिजला आणि नीस होऊन घरोघर बसला. चिठ्ठ्या-पत्रं लिहिणारा चिटणीस, फारसी पत्रव्यवहार बघणारा पारसनीस, कारखान्यांचे हिशेब लिहिणारा कारखानीस. पोत म्हणजे खजिना, त्याचा जमाखर्च लिहिणारा पोतनीस. फडणवीस हाही हुद्दाच. खुद्द नाना फडणवीसांचं मूळ आडनाव भानू. हुद्दा घरात आला आणि भानूंना बाहेर काढून स्वतःच आडनाव होऊन बसला. एका मुंजीच्या पंगतीत चिटणीस, पोतनीस आणि कारखानीस शेजारी शेजारी बसलेले पाहून मला राहवलं नाही. "तुम्ही तिघं मिळून एक ऑफिस आहात," असं म्हणून मी त्यांना सगळं समजावून सांगितलं. श्रीखंड वाढणारा मुलगा माझ्यामागे थांबून राहिला. पोतनीस तर इतके खूश झाले की त्यांनी दुसऱ्या दिवशी फोन करून आपल्या बायकोला पुन्हा एकदा ऐकवायला लावलं. या कौतुकाने माणूस बिघडतो.

कुलकर्ण्यांनी तेवढी दाद दिली नाही. मी त्यांना सांगितलं की परगण्यांची आणि कुलकर्ण्यांची वतनं १९५० च्या कायद्याने गेली, मुलकी पाटलांची १९६२ च्या. काम गेलं, पाटी तेवढी राहिली. आज गावचं दप्तर कुणीही कुलकर्णी आडनावापोटी लिहीत नाही. आमच्या सोसायटीतले कुलकर्णी तर सभेचं इतिवृत्त लिहायलाही तयार नसतात. हे शेवटचं वाक्य मी सभेत बोललो, त्यामुळे त्या महिन्यापासून इतिवृत्त माझ्याकडे आलं.

मग 'कर' सुरू झाले. होळचे होळकर, तेंडोलीचे तेंडुलकर. दीनानाथांचं घराणं अभिषेकी-हर्डीकरांचं, पण मंगेशीच्या देवळाच्या सावलीत वाढल्यावर त्यांनी मंगेशकर लावलं आणि आज तेच आडनाव जगाला माहीत आहे. याहून मला आवडतात ते आपल्या कोकणातले बेने इस्राएल. शनिवारी काम बंद ठेवणारे तेली म्हणून लोक त्यांना शनिवार तेली म्हणत. धर्म ज्यू, प्रार्थना हिब्रूत, आणि आडनावं किहीमकर, रोहेकर, पेणकर. त्यातले पुष्कळ इस्राएलला गेले, पण रोहा आणि पेण त्यांच्या नावामागून तिथपर्यंत गेलं. गोव्यात उलटं झालं. बाप्तिस्मा घेताना धर्मपित्याचं आडनाव मिळायचं, त्यामुळे एकाच घरातला एक भाऊ डिसोझा आणि दुसरा फर्नांडिस होऊ शकायचा. ज्यांनी धर्म सोडला नाही त्यांच्या आडनावांचं पोर्तुगीज कारकुनांनी स्पेलिंग असं केलं की परबांना आपलंच नाव वाचायला दुभाष्या लागावा. आडनाव आपलं असलं तरी ते लिहून घेणारा हात दुसऱ्याचाच असतो. हे मी पंगतीत ऐटीत सांगायचो, पण मला स्वतःला त्यातून जे समजायला हवं होतं ते समजलं नव्हतं.

दुसरंही एक कळायला वेळ लागला. आपल्याकडे "आडनाव काय आपलं?" हा प्रश्न क्वचितच आडनावासाठी असतो. विचारणाऱ्याला जात हवी असते आणि ती थेट विचारायची लाज असते. समोरचा देशपांडे निघाला तर काम झालं. तो जाधव, पवार किंवा गायकवाड निघाला की पंचाईत होते, कारण ही आडनावं अनेक जातींत आहेत. मग "कुठले पवार?", मग "गाव कोणतं?", मग "तिकडचे अमुक तुमचे कोण?" अशी चौकशी चालू होते आणि वर हसून "सहज विचारलं" असं म्हटलं जातं. मी खरोखर सहज विचारत असे. मला खरोखर व्युत्पत्ती हवी असे. पण दहा ठिकाणी खोटी ऐकलेली गोष्ट अकराव्या ठिकाणी कोण खरी मानतो? एका गृहस्थांनी तर मला स्वच्छ सांगितलं, "जातीचा दाखला दाखवू का? झेरॉक्स आहे खिशात." मी ओशाळलो. तिथेच थांबलो असतो तर पुढचं टळलं असतं.

भाच्याचा साखरपुडा होता. मुलीकडची मंडळी सधन आणि शिष्ट. मुलीचे काका सगळ्यांत पुढे, पांढरा सफारी, बोटात पुष्कराज. ते एका पतसंस्थेचे चेअरमन. आडनाव बारटक्के. आमच्या ताईने मला आदल्या दिवशी बजावलं होतं की उद्या कुणाचंही आडनाव काढायचं नाही. मी काढलं नाही. त्यांनीच काढलं. वधूपक्षाची ओळख करून देताना काका हसत म्हणाले, "आमचं आडनाव जरा विचित्र आहे बरं का."

एवढं निमंत्रण मला पुरेसं होतं. मी म्हटलं, "विचित्र कसलं, उलट अगदी स्पष्ट आहे." माझा तर्क मी फार मोकळेपणाने मांडला. टक्का म्हणजे शेकड्यामागे एक. बारा टक्के हा ऐन सावकारी दर. तेव्हा घराण्यात कुणीतरी बारा टक्क्यांनी पैसे लावणारा असला पाहिजे. गरजू माणूस अडल्यावर येतो, कागदावर अंगठा देतो, पुढे शेत जातं, पण सावकाराचं नाव मात्र पिढ्यानपिढ्या राहतं. "लोक विसरत नाहीत हो," मी समारोप केला, "ते आडनावात लिहून ठेवतात."

हिने टेबलाखालून माझ्या पावलावर टाच दिली. मला वाटलं तिला जागा कमी पडतेय, म्हणून मी सरकलो. ताईच्या चेहऱ्याकडे पाहिल्यावर काहीतरी चुकल्याचं लक्षात आलं. काय चुकलं ते भाच्याने नंतर जिन्यात सांगितलं. काकांच्या पतसंस्थेने ठेवीदारांना नेमकं बारा टक्के व्याज कबूल केलं होतं आणि सहा महिन्यांपासून ठेवीदार संस्थेच्या दाराशी बसून होते. सहकार खात्याची चौकशी चालू होती. साखरपुड्याचा खर्च कुठून आला, हा विषय दोन्ही घरांनी कसोशीने टाळला होता.

त्या टेबलावर मात्र कुणी काही बोललं नाही. काकांनी पाण्याचा ग्लास संपवला, रुमालाने मिशा पुसल्या आणि शांतपणे विचारलं, "आणि आपण?"

"मी आगलावे."

"वाटलंच," काका म्हणाले.

सगळं टेबल हसलं. पुष्कराजवाला हात माझ्या पाठीवर पडला, वाढप्यांनी जिलेबी आणली आणि लग्न ठरलेलं ते ठरलेलंच राहिलं. माझ्या व्युत्पत्तिशास्त्राने जे मोडायला आणलं होतं ते माझ्या आडनावाने सावरलं. घरी येताना रिक्षात ही एवढंच म्हणाली, "तोफखान्यात असतात ते शत्रूवर गोळे टाकतात." पुढचं बोलायची गरज तिला वाटली नाही.

आता तोफेचा पुरावा आणणं हा इभ्रतीचा प्रश्न झाला. मी मोडीच्या वर्गात नाव घातलं. मोडीत ऱ्हस्व-दीर्घ हा भेद नाही, शब्द एकमेकांपासून तोडत नाहीत, ओळीची रेघ आधी ओढून घेतात आणि तिच्याखाली अक्षरं लोंबत जातात. ज्याला जे वाचायचं असेल ते वाचायला इतकी सोयीची लिपी नाही. परीक्षा झाली, मला साठ टक्के पडले आणि मी नाशिकला रामकुंडावर गेलो.

तिथल्या तीर्थोपाध्यांकडे यजमानांच्या नामावळीच्या वह्या असतात. गाव सांगा, आडनाव सांगा, की ते बरोबर तुमच्या घराण्याचं पान काढून देतात. कुणाच्या अस्थी घेऊन कोण आलं होतं, बरोबर कोण होतं, मुलंबाळं किती, सगळं त्यात असतं. आमच्या गुरुजींनी लाल फडक्यातली वही सोडली आणि पानं उलटत थेट आजोबांपाशी आले. आजोबांची सही, त्यांच्या अक्षरात. क्षणभर मी तोफ वगैरे सगळं विसरलो. मग त्यांच्या आधीच्या पानावर मोडी सुरू झाली आणि मी गुरुजींच्या खांद्यावरून वाचायला लागलो. एका ओळीत स्पष्ट दिसलं. माझा श्वास अडकला. "गुरुजी! तोफखाना! तोफखाना लिहिलंय!"

गुरुजींनी चष्मा कपाळावर सरकवून कागद डोळ्यांजवळ नेला. "ते 'तीन आणे' आहे," ते म्हणाले. "दक्षिणेचा आकडा."

बाकीचं त्यांनीच वाचून दाखवलं. आजोबांच्या नावापुढे 'आगलावे' होतं. पणजोबांच्या नावापुढे 'ऊर्फ आगलावे' होतं. त्यांच्या मागे आडनावाचा पत्ताच नव्हता. नुसतं नाव, बापाचं नाव आणि 'राहणार भांडगाव'. गुरुजी म्हणाले, अशी पानं त्यांच्याकडे ढिगाने आहेत. गावात माणूस हाकेने ओळखला जायचा. आडनाव लागायचं ते शाळेच्या दाखल्यावर, कोर्टाच्या कागदावर, फौजेच्या यादीत; समोर बसलेला कारकून विचारायचा आणि माणूस गावात जी हाक पडे ती सांगायचा. महात्मा फुल्यांचं घराणं मूळचं गोऱ्हे, साताऱ्याकडच्या कटगुणचं. पुण्यात फुलांचा व्यवसाय केला आणि लोकांनी फुले म्हणायला सुरुवात केली, तेच राहिलं. त्यांना फुलं मिळाली. आमच्या पणजोबांना आग मिळाली. पण का?

हे विचारायला मी भांडगावला गेलो. भांडगाव नावाची गावं आपल्याकडे एकापेक्षा जास्त आहेत. आमचं त्यातलं कोणतं ते सांगत नाही, तंटामुक्त समितीची तशी विनंती आहे.

खालच्या आळीत आमच्या चुलत आत्या असतात. वय नव्वदीच्या घरात, ऐकू कमी, सांगायला उत्साह भरपूर. प्रश्न ऐकून त्या उठून बसल्या. "अरे, होळीचा मान! गावची होळी पेटवायचा मान आपल्या घराचा. पाटील नारळ ठेवायचा, पण काडी लावायची तुझ्या पणजाने. त्याबिगर होळी पेटायची न्हाई." मी धन्य झालो. तोफ नसेना, मान तर होता. त्याच आनंदात मी वरच्या आळीत गेलो, तिथे आमची दुसरी पाती राहते. चुलते ओट्यावर बसले होते. मी आत्यांची गोष्ट सांगितली. चुलत्यांनी तंबाखू थुंकली.

"मान? कसला मान? तुझ्या पणज्याने आमच्या आज्याची कडब्याची गंजी पेटवली. वाटणीच्या रागापायी. दोन बैलजोड्या उपाशी मेल्या त्या वर्षी. तवापास्नं गाव त्यास्नी आगलावे म्हणतं, आन् तुमच्यापायी आमालाबी तेच आडनाव लागलं."

मी शहाणा असतो तर एसटी धरली असती. पण दोन परस्परविरोधी साधनं हाती आल्यावर संशोधकाने ती एकमेकांसमोर ठेवून तपासावीत असं कुठेतरी वाचलं होतं. मी आत्यांच्या मुलाला वरच्या आळीत घेऊन आलो.

पुढचं थोडक्यात सांगतो. गंजीवरून वाटणी निघाली, वाटणीवरून बांध निघाला, बांधावरून विहिरीतला हिस्सा. ज्यांच्यावर तीन पिढ्यांत कुणी शब्द काढला नव्हता अशी आंब्याची दोन झाडं निघाली. संध्याकाळपर्यंत आळीआळीतून माणसं जमली. मुंबईला फोन गेले आणि मुंबईहून फोन आले. मी मधे उभा राहून दोन्ही हात वर करून सांगत होतो की मला फक्त व्युत्पत्ती हवी आहे. हा शब्द माहीत नसल्यामुळे दोन्ही बाजूंना वाटलं की मी जमिनीचा कुठलातरी उतारा मागतोय. शेवटी तंटामुक्त समिती बसली. (ही गावोगाव समित्या नेमण्याची मोहीम सरकारने २००७ साली काढली. तेव्हा तिला आमच्या गावात इतकं काम पडेल असं कुणाला वाटलं नसेल.) समितीच्या कागदावर 'वादास कारणीभूत' या शब्दांपुढे लिहिलं होतं: आगलावे. कोणते आगलावे, ते लिहिण्याची गरज कुणालाच भासली नाही.

मिटवामिटवी चालू असताना एक निवृत्त मास्तर माझ्याशेजारी येऊन बसले. म्हणाले, त्यांच्या आजोबांनी त्यांना सांगितलेलं वेगळंच होतं. पणजोबांना विडीचं व्यसन होतं आणि आळीत काडेपेटी फक्त त्यांच्याकडे असायची. चूल पेटवायची असो, कंदील लावायचा असो, बायका पोरांना धाडायच्या, "जा रे, आग घेऊन ये." झालं एवढंच.

मला हे एकदम पटलं. इतकं साधं, फुकट आणि विनाकारण काहीतरी खरं असणार असं वाटलं. मी उठून समितीपुढे काडेपेटीची गोष्ट सांगितली. त्या दिवसात पहिल्यांदाच खालची आळी आणि वरची आळी एका सुरात बोलली: हे साफ खोटं आहे. घराण्याचं नाव मानामुळे पडलेलं चालतं, बदनामीमुळे पडलेलंही चालतं, पण काडेपेटीमुळे पडलेलं कुणालाच नको होतं. एकमत झालं म्हणून वाद मिटला आणि मास्तरांना तिथून उठावं लागलं.

पुण्याला परतल्यावर मी आडनाव बदलायचं ठरवलं. शपथपत्र करायचं, शासनाच्या राजपत्रात नाव छापून आणायचं, झालं. आता हे काम ऑनलाइन होतं. वहीत पणजोबांच्या मागे 'राहणार भांडगाव' होतं, म्हणजे भांडगावकर हे अस्सल, कागदोपत्री, सभ्य आडनाव. रात्री जेवताना मी ते घरात जाहीर केलं. दीपकने घास खाली ठेवला. "आगलावेचं भांडगावकर? बाबा, आगीतून फुफाट्यात म्हणतात ते हेच ना?" सून काही बोलली नाही. तिने लग्नानंतर माहेरचंच आडनाव ठेवलं आहे. तत्त्वाचा प्रश्न असेल म्हणून मी तिला मनोमन दाद दिली होती. नंतर कळलं की ती कारखान्यांची अग्निसुरक्षा तपासते आणि आमचं आडनाव तिला ऑफिसात परवडणारं नव्हतं. नातीचं नाव तिने वर्षा ठेवलंय, खबरदारी म्हणून. पण २०२४ साली सरकारने ठरवलं की मुलाच्या नावानंतर आधी आईचं नाव लिहायचं, मग बापाचं, मग आडनाव. म्हणजे पाऊस सगळ्यांत पुढे, आणि मागे दीपक आणि आगलावे एकमेकांना चिकटून. मधे ठेवायला काही उरलं नाही.

तरी मी सायबर कॅफेत गेलो. मुलाने मसुदा उघडला आणि म्हणाला, "काका, कारण काय लिहू?" मी अडखळलो. कारणं असतात लोकांना. २०११ साली सातारा जिल्ह्यात प्रशासनाने अडीचशेहून अधिक मुलींची नावं एका समारंभात बदलली. मुलगा हवा असताना पुन्हा मुलगी झाली म्हणून घरच्यांनी त्यांचं नाव नकुशी ठेवलं होतं. नाव बदलण्याला कारण म्हणतात ते असं. मी काय लिहिणार होतो, की विमा एजंट टोपण लावतो?

"नुसतं 'वैयक्तिक' लिही," मी म्हटलं. मग त्याने विचारलं, "काकूंचं पण बदलायचं ना? त्यांचं आधार, पॅन, पासबुक, रेशनकार्ड सगळं आगलावेच असेल. वेगळा अर्ज, फी वेगळी. त्यांचं कारण?"

मी हिला फोन लावला. ती भाजी निवडत असावी. मी प्रश्न वाचून दाखवला. पलीकडे थोडा वेळ शांतता होती.

"तुम्ही तांदळात लिहिलंत," ही म्हणाली, "तेव्हा मला कुणी कारण विचारलं नव्हतं. त्या मुलाला म्हणावं, पुष्पा साखरे लिही. जुनं आहे, माझं आहे आणि त्याच्यात काहीही पेटत नाही. भांडगावकर तुमचं तुम्ही लावा."

मुलगा कीबोर्डवर हात ठेवून वाट बघत होता. "काय करू काका? दोन अर्ज की एक?"

"एकच," मी म्हटलं. "काकूंचा."